इरावणी पुलावर, आबा दारात

मु. पो. पाली, ता. वेल्हे
सोमवार, गडावरची गर्दी उतरून गेल्यावर

ती. वन्सं यांच्या पायांना (मागच्या खेपेला फोनवर तुम्ही ते आखडून घेतले होते, पण कागदावर तरी हात लावू द्याल या भरवशावर) वर्षाराणीचा नमस्कार.

तुमचे गुडघे आता कसे आहेत? दाजींचा खोकला थांबला असेल, नसेल तर अडुळशाची पानं गोरखच्या टेम्पोतून पाठवते. शेफालीची परीक्षा जवळ आली असेल, तिला म्हणावं मामीने आठवण काढली आहे. इकडे सगळं खुशाल आहे. रीत म्हणून लिहीत नाही, खरोखर आहे, आणि ते कसं काय आहे एवढंच सांगायला हे पत्र. फोनवर सांगणार होते. तीनदा केला. पहिल्यांदा रेंज गेली. दुसऱ्यांदा तुम्ही ठेवून दिलात. तिसऱ्यांदा तुम्ही म्हणालात की रेंज गेली, पण वन्सं, ज्याची रेंज जाते तो माणूस रेंज गेली असं सांगत नाही. म्हणून वही फाडून बसले आहे. पाकीट भाताच्या खळीने चांगलं चिकटवून देणार आहे, कारण नेणारा गोरखच आहे आणि हा सगळा घोळही त्याचाच.

गोरखने तुम्हाला दोन गोष्टी सांगितल्या. एक, वर्षाराणी भोरला आली, तुमच्या गल्लीच्या तोंडाशी उभी राहिली आणि घरात न येता माघारी गेली. दोन, मोडक्या पायाच्या म्हाताऱ्याला तिने भर उन्हात चाळीस पाहुण्यांच्या मध्ये उभं केलं आणि स्वतः हातात डाव घेऊन गप्पा मारत बसली. त्यावर तुम्ही निरोप धाडलात की येत्या रविवारी गाडी करून येते आणि आबांना भोरला घेऊन जाते. या, खुशाल या. गोरखचं सांगणं खोटं नाही. पण तो दुधाचा टेम्पो चालवतो, त्याला कुठल्याही गोष्टीचं शेपूट तेवढं दिसतं आणि त्याच्यावरून तो अख्खी म्हैस सांगतो. मी तुम्हाला शिंगांपासून सांगते. यातलं बरंचसं तुम्हाला ठाऊक आहे, तरी परत ऐका. मधूनच सुरुवात केली तर माझ्यात आणि गोरखमध्ये फरक काय राहिला?

श्रावणात आबा बांधावरून घसरले (शेळी आपली नव्हती, शेजारच्या सोनबांची होती, आणि तिला हाकलायचं काहीच कारण नव्हतं, पण आबांना वाकडी चाललेली शेळी बघवत नाही). मांडीचं हाड मोडलं. पुण्याला ऑपरेशन झालं, आत रॉड बसला. डॉक्टरांनी दीड महिन्याने सांगितलं की आता वॉकर धरून रोज चालायचं. इथवर तुम्ही सोबत होतात. पुढे काय झालं ते तुम्ही दसऱ्याला येऊन बघितलं आणि डोळे पुसत गेलात. आबांनी मनाशी धरलं होतं की पाय टेकला की आतला रॉड वाकणार. कुणी सांगितलं विचारलं तर म्हणायचे, लोखंड मला ठावं हाय. दोन वेळा डॉक्टरांनी एक्स-रे दाखवला. आबा म्हणाले की फोटोत सगळंच सरळ दिसतं. मग बोलणं कमी झालं, जेवण कमी झालं, आणि तोंड भिंतीकडे गेलं. वन्सं, साठ वर्षं शेळ्यांमागे डोंगर उतरलेला माणूस भिंतीकडे तोंड करून झोपलेला रोज बघायचा, त्याच घरात भाकऱ्या थापायच्या आणि बाहेर ट्रेकवाल्यांना हसून वाढायचं, हे मी केलं आहे. डॉक्टर मला बाजूला घेऊन म्हणाले होते की आता उठले नाहीत तर पुढे उठायचं म्हणतील तेव्हाही उठता येणार नाही. हे मी तुम्हाला तेव्हा सांगितलं नव्हतं. तुम्ही आधीच रडत होतात.

दिवाळी झाल्यावर माया नावाची पुण्याची एक मुलगी गडावरून उतरली. पायाला फोड, सॅक तिच्यापेक्षा जड. आमच्या ओट्यावर बसून तिने सॅकमधलं एकेक काढायला सुरुवात केली आणि विटेएवढं एक पुस्तक माझ्या हातात ठेवलं, म्हणाली, काकू, माझं वाचून झालंय, हे घेऊन मी परत त्या उतारावर पाऊल टाकणार नाही. पुस्तकाचं नाव ‘नवशिखरांची गाथा, भाग पहिला’. वर एका कड्यावर उभी असलेली पोरगी आणि मागे पंखवाला व्याळ. (देवळाच्या खांबावर असतो तसाच, फक्त हा रागावलेला.) मी ते पिठाच्या डब्याखाली ठेवायला घेतलं होतं. डबा डगडगत होता. पण पहिलं पान उघडलं ते उघडलं. माझी बारावी झाली आहे हे तुम्ही लोकांना सांगत नसलात तरी झाली आहे, आणि वाचायची सवय मला तेव्हापासून आहे. सासूबाई होत्या तोवर मी निवडायच्या तांदळाखाली पुस्तक ठेवून वाचत असे, हेही आता सांगायला हरकत नाही.

आबांना दुपारची पेज भरवायची, आणि एका चमच्यापासून दुसऱ्या चमच्यापर्यंत ते इतका वेळ लावायचे की मध्ये अर्धं पान वाचून व्हायचं. अशी तिसऱ्या दिवशी मी हसले. भिंतीकडून आवाज आला, काय झालं? मी म्हणाले, काही नाही, एका राजाने फौज काढली आहे. किती? चाळीस हजार, घोडे वेगळे. कुठून नेतोय? अंधारघाटातून. मी पुढचा चमचा भरला. मग आबा म्हणाले, ‘चाळीस हजाराला पानी कुटलं?’

वन्सं, अडीच महिन्यांत त्यांनी आपणहून विचारलेला तो पहिला प्रश्न होता. मी पुस्तक पहिल्या पानापासून मोठ्याने वाचायला सुरुवात केली.

पुस्तकात काय आहे ते थोडक्यात सांगते, कारण पुढचं त्याशिवाय कळायचं नाही. नऊ शिखरांचं एक राज्य आहे. ते धूम्रकेश नावाच्या मांत्रिकाने बळकावलं आहे. गादीची खरी वारस इरावणी, अठरा वर्षांची, ती तुंबर नावाच्या म्हाताऱ्या वाटाड्याला घेऊन डोंगरातून निघाली आहे. तुंबरकडे एक खेचर आहे आणि त्याला सगळ्या चोरवाटा पाठ आहेत. धूम्रकेशाने मागे व्याळ सोडला आहे. बस्स, एवढंच. पण या एवढ्याला साडेसहाशे पानं आहेत, आणि त्यातलं एकही आबांनी हरकत घेतल्याशिवाय पुढे जाऊ दिलं नाही. व्याळाला त्यांची हरकत नव्हती. व्याळ उडतो, आग टाकतो, माणसासारखा बोलतो, हे सगळं त्यांनी मुकाट्याने घेतलं. पण चैत्रात घाटमाथ्यावर हिरवं गवत आहे असं लिहिलंय म्हटल्यावर त्यांनी पेज बाजूला सारली. लेखक कधी चैत्रात डोंगरावर गेलेला नाही हे त्यांनी मला पटवून दिलं आणि मग सोनबांना बोलावून त्यांनाही पटवून दिलं. अशाने सोनबा रोज येऊन बसायला लागले. त्यांना डाव्या कानाने ऐकू येत नाही, म्हणून मला प्रत्येक लढाई दोनदा लढावी लागे, एकदा साधी आणि एकदा ओरडून. रस्त्याने जाणाऱ्यांना वाटायचं की घरात भांडण चाललंय. (गोरखने तेही तुम्हाला कळवलं असेलच. ते भांडण नव्हतं, ती वैरागडची लढाई होती.) तुमचे धाकटे बंधू धनाजीराव मात्र या सगळ्यापासून लांब, बाहेर मोरीवर भांडी घासत. त्यांना असल्या पोरखेळात गोडी नाही असं ते स्वतःच सांगत.

तर असं करत आम्ही शेवटच्या पानावर आलो. प्रसंग असा. दोन कड्यांच्या मधे दोराचा पूल. इरावणी पुलाच्या मध्यावर. दोन्ही टोकांना आग लागलेली. एका टोकाला तुंबर जळता दोर हातात धरून उभा. खाली काळी नदी. वरून व्याळ झेपावतो, इरावणी तलवार उपसते, आणि खाली लिहिलंय, ‘पहिला भाग समाप्त’.

मी पुस्तक मिटलं. सोनबा म्हणाले, वाच की. मी म्हणाले, संपलं. त्यांना वाटलं की त्यांचा कान. मी ओरडून सांगितलं, संपलं. मग त्यांनी पुस्तक स्वतः हातात घेऊन मागून पुढून तपासलं, पानं फाडली आहेत का बघितलं, आणि चुलीपाशी जाऊन धनाजीरावांना विचारून आले की जाळ घालायला काय वापरलंत. पण वन्सं, आबा कोपरावर उठले होते. भिंतीकडे पाठ होती. मला म्हणाले, ‘असं अर्ध्यात सोडून मानूस झोपतो कसा?’ ते लेखकाबद्दल बोलत होते. मला मात्र वाटलं की हीच वेळ आहे, परत येणार नाही. मी वॉकर आणून खाटेपाशी ठेवला आणि म्हणाले, आबा, तुम्ही दारापर्यंत चालून दाखवा, मी उद्याच्या उद्या भोरला जाऊन दुसरा भाग घेऊन येते. न आणता आले तर सून म्हणू नका.

हे बोलण्याआधी विचार करायला हवा होता हे मलाही कळतं. पण मला वाटलं, चालतील कसले. आबांनी रॉडच्या जागेवर हात ठेवला. आढ्याकडे बघितलं. मग दोन्ही हातांनी वॉकर धरून उभे राहिले, आणि खाटेपासून दारापर्यंत नऊ पावलं, मधे तीनदा थांबून, घामाने सदरा भिजवून, चालत गेले. दारात उभं राहून त्यांनी समोरच्या गडाकडे बघितलं. श्रावणानंतर पहिल्यांदा. मग मान वळवून मला म्हणाले, ‘पहाटंची यष्टी इंजरवरनं सुटती.’ (ते विंझरला इंजरच म्हणतात.)

तर मी भोरला अशी आले होते. विंझरहून नसरापूर, नसरापूरहून भोर, मांडीवर रिकामी पिशवी. वाटेत मी विचार करत होते की या दुसऱ्या भागात असं काय असतं की त्याच्यासाठी मोडका माणूस उठून उभा राहतो. मला असं वाटतं वन्सं, पहिल्या भागात माणसं पाहुण्यासारखी येतात. कोण, कुठली, कुणाच्यातली, हे समजून घेण्यात दोनशे पानं जातात. आपण त्यांना पाट देतो, पाणी देतो, पण मनात असतं की कधी जातील. दुसऱ्या भागात तीच माणसं माहेरवाशिणीसारखी येतात, चप्पल काढतात आणि थेट चुलीपाशी. त्यांना विचारावं लागत नाही की तुम्ही कोण. आपणच त्यांच्या वाटेकडे डोळे लावून असतो. आबांनी त्या इरावणीला साडेसहाशे पानं पायी आणलं होतं, तिला पाणी कुठं मिळेल याची काळजी केली होती. तिला अशी जळत्या पुलावर टाकून ते भिंतीकडे तोंड कसं करणार? हे मी इथं सुचून लिहीत नाही, एसटीत नसरापूर येईस्तोवर हाच विचार केला होता.

भोरला शाळेची पुस्तकं आणि लग्नपत्रिका मिळतात त्या दुकानात गेले. दुकानदार काका भले माणूस. माझ्यासमोर त्यांनी पुण्याला फोन लावला. बराच वेळ बोलले. मग मी त्यांच्याकडून उशीएवढं जाड, लाल पुठ्ठ्याचं पुस्तक घेतलं आणि माघारी फिरले. उशीर झाला होता, शेवटची विंझरची गाडी चुकली असती, म्हणून तुमच्याकडे आले नाही. राग धरू नका.

दुसरा भाग मात्र फार छान निघाला. पहिल्याहून कितीतरी बरा, हे आबा आणि सोनबा दोघांचंही मत आहे, आणि दोघांचं एका गोष्टीवर मत जुळल्याचं मी लग्न होऊन आल्यापासून पहिल्यांदा बघितलं. आता मी नियम घातला. फुकट वाचन बंद. दारापर्यंत आलं की दोन पानं. तुळशीपर्यंत चार. गोठ्यापर्यंत गेलं तर अख्खा प्रसंग. आबांनी पहिल्या आठवड्यात घासाघीस केली, तुळस जवळ सरकवायला सांगितली, पण मी हलले नाही. दुसऱ्या भागातला लेखक आबांच्या मते बराच सुधारला आहे. फौज निघाली की आधी टाक्यांमधलं पाणी मोजून निघते. चैत्रात कुणी हिरवं गवत म्हणत नाही. खेचराला खूर सुजल्यावर काय लावायचं तेही बरोबर दिलं आहे. आबा सोनबांना म्हणाले, ह्यानं मधल्या काळात शेळ्या पाळल्या दिसत्यात. राज्यकारभारही नीट लावला आहे. धूम्रकेशाच्या दरबारात आता काहीही मनमानी चालत नाही. व्याळाला हद्दीबाहेर काढायचं ठरलं तेव्हा त्याला आधी सात दिवसांची लेखी नोटीस दिली गेली. दरबार भरला, पण गणपूर्ती झाली नाही म्हणून अर्ध्या तासासाठी तहकूब झाला आणि त्याच जागी पुन्हा भरला. धूम्रकेशावर अविश्वासाचा ठराव आला तेव्हा सोनबा टाळी वाजवून म्हणाले की लेखक मोठा माहितगार माणूस आहे, हा तालुक्याला बसलेला असणार.

आणि इरावणी? इरावणी तीन आठवडे पुलावरच होती. (मी घाई केली नाही. आबांची गोठ्यापर्यंतची चाल पक्की व्हायची होती.)

आता गोरखची दुसरी गोष्ट. तो रविवार होता. गडावरून चाळीस जणांचा एक गट जेवायला येणार होता. आदल्या दिवशी मी वाचन अशा ठिकाणी थांबवलं होतं की दोराचे चार पदर जळाले आहेत आणि पाचवा धुमसतोय. आबांना म्हणाले, उद्या पाहुणे आहेत, उद्या वाचन नाही, परवा बघू. दुसऱ्या दिवशी दुपारी मी मांडवात वाढत होते, पिठलं आणि भाकरी, एका हातात डाव, एका हातात पातेलं. बोलणं एकदम कमी झालं. वर बघितलं तर मांडवाच्या तोंडाशी आबा. घरापासून मांडव म्हणजे तुम्हाला माहीत आहे, अंगण, मग ती उतरण, मग गटाराची फळी. कुणी सोबत नाही. धनाजीराव मोरीवर, त्यांना पत्ता नाही. वॉकरच्या पायांना चिखल लागलेला. कुणी म्हटलं नव्हतं की चला. कुणी पान कबूल केलं नव्हतं. चाळीस लोक जेवायचे थांबून त्यांच्याकडे बघत होते आणि आबा त्यांच्यातल्या एकाकडेही न बघता मला म्हणाले, ‘तुटला का पूल?’

पातेलं कलंडायला आलं ते मी सावरलं. तेवढ्यात आबांनी आणखी एक पाऊल पुढे टाकलं आणि मला कळलं की आता रडले तर त्यांना वाटेल की पूल तुटला. म्हणून म्हणाले, ‘न्हाई आबा. धरलाय तुंबरनं.’

‘मग सांग की. मी हुबा हाय.’

मी सांगितलं. तिथेच, पातेलं खाली न ठेवता. पाचवा दोर कसा जळाला, तुंबरने खेचराचा कासरा सोडून पुलाला कसा बांधला, व्याळ कसा आला आणि इरावणीने तलवार न चालवता त्याला त्याच्या आईच्या नावाने हाक कशी मारली, आणि तो कसा बावरून गेला, आणि ती कशी धावली. आबा वॉकरवर वाकून ऐकत होते. चाळीस पाहुणे भाकरी हातात धरून ऐकत होते. एका बाईंनी डोळे पुसले. एक चष्मेवाले गृहस्थ मधेच काहीतरी बोलायला गेले, पण मी त्यांच्या ताटात ठेच्याचा एवढा गोळा वाढला की त्यांना नंतर बराच वेळ पाणीच लागलं. इरावणी पलीकडे पोचली. आबांनी मान हलवली, वळले आणि फळी ओलांडून आपले आपण घरी गेले. गोरख तेव्हा रस्त्यावर टेम्पो उभा करून बघत होता. त्याने जे बघितलं ते तुम्हाला सांगितलं. आता त्यात काय होतं ते तुम्हाला कळलं.

आता आबा रोज मारुतीच्या पारापर्यंत जातात. वॉकर सुटला, काठी आहे. दोन भाकऱ्या खातात. मागच्या तपासणीला डॉक्टरांनी मला विचारलं की तुम्ही नेमका कुठला व्यायाम दिलात. मी म्हणाले, वाचनाचा. ते हसले. मी गंमत केली नव्हती. तेव्हा वन्सं, माझं म्हणणं एवढंच की तुम्ही गाडी करून या, चार दिवस राहा, पण आबांना हलवू नका. त्यांचं सगळं जाग्यावर आलं आहे आणि माझ्या हातात आहे. मला त्यात कुणाची मदत लागत नाही. थोरांना नमस्कार, पोरांना गोडपापा, आणि तुमच्या रागाला माझा वेगळा नमस्कार.

तुमची भावजय,
वर्षाराणी

ता. क. वन्सं, वर जिथे जिथे ‘दुसरा भाग’ लिहिलं आहे तिथे परत जाऊन जरा अडखळा. दुसरा भाग नाही. निघालेलाच नाही. दुकानदार काकांनी फोनवर विचारलं तेव्हा कळलं की लेखक अजून लिहितो आहे, कधी होईल ते त्यालाच ठाऊक नाही, वर्ष, दोन वर्षं, जास्त. मी ऐकलं आणि तिथून निघून एसटी स्टँडच्या बाकावर बसले. गाडीला चांगले दोन तास होते. तुमची गल्ली समोर दिसत होती. पण माझे डोळे असे सुजले होते की तुम्ही दारातच विचारलं असतं आणि मला डॉक्टरांचं ते वाक्य सांगावं लागलं असतं. आबा तिकडे दारात उभे असणार, हे एकच डोळ्यांपुढे होतं. तासाभराने मी उठून परत दुकानात गेले आणि काकांना म्हणाले, तुमच्याकडे जे सगळ्यात जाड असेल ते द्या, काय आहे ते मला सांगूही नका. त्यांनी रद्दीतून काढून दिलं. ग्रामपंचायतीचे कायदे आणि नियम. जुनी आवृत्ती. मी अडले की त्यातलं एखादं कलम मदतीला घेते. चष्मेवाले गृहस्थ हेच सांगायला निघाले होते की दुसरा भाग अजून आलेला नाही.

आणखी एक ता. क. मदत लागत नाही असं वर लिहिलं आहे ते खरं धरू नका. त्यासाठीच तर पत्र लिहिलं. इरावणी पलीकडे गेली, पण तुंबर धुक्यात हरवला. मीच हरवला, तेव्हा बरं वाटलं होतं, आता सापडत नाही. आबा रोज पारावरून आले की पहिलं विचारतात, तुंबरचं काय? चार दिवस मी दरबार तहकूब करून काढले. सोनबांनाही संशय यायला लागला आहे. काल मी वैतागून धनाजीरावांना सगळं खरं सांगितलं, तर ते भांडी तशीच टाकून म्हणाले की ताईला विचार. मी म्हणाले, वन्संना काय विचारू, त्या फोन ठेवून देतात. मग त्यांनी सांगितलं. तुम्ही शेळ्या चारायला न्यायच्या, ते लहान होते, परत येताना दमून वाटेत बसायचे, आणि तुम्ही त्यांना उठवायला एका हरवलेल्या बांड्या शेळीची गोष्ट सांगत पुढे चालायच्या. गोष्ट ऐकायची तर मागोमाग यायचं. तीन पावसाळे ती शेळी हरवलेली होती म्हणे आणि रोज नवीन काहीतरी व्हायचं. लग्न होऊन इतकी वर्षं झाली, मला हे कुणी सांगितलं नव्हतं. वन्सं, धुक्यात हरवलेलं कुठं शोधायचं हे तुमच्याइतकं कुणाला कळणार? रविवारपर्यंत तुंबर कुठं आहे ते कळवा. नाहीतर गाडी करून या आणि तुम्हीच सांगा. लाल पुस्तक हातात कसं धरायचं ते मी दाखवीन.

ताई, मी धनाजी. पाकीट डकवायला माझ्याकडं दिलं हुतं, तर वाचलं. रागवू नको. एक गोष्ट हिला म्हाईत न्हाई ती तुला सांगून ठेवतो. आबांना सगळं ठावं हाय. लाल पुस्तक आलं त्या पहिल्याच दिवशी मला म्हणाले, वाचणाऱ्याचं डोळं वळीवरनं सरकत्यात, हिचं आढ्याला लागलेत. म्या इचारलं, मग तुमी बोलला का न्हाई? तर म्हणाले, ‘पुस्तकातलं कवातरी सपतं. हिचं सपत न्हाई. तवर मी चालतो.’ हिला सांगू नको म्हणालेत, लाजंल आन् थांबंल.

तुंबरचं काय ते हिला लिही. आन् जमलं तर खाली एक वळ माझ्यासाठी लिही. तुझं लगीन लागलं तवा मी नऊ वर्सांचा हुतो, आन् आदल्या दिवशी ती बांडी शेळी करवंदीच्या जाळीत शिरली हुती, मागं लांडगा हुता. छत्तीस वर्सं झाली. ती भाईर आली का?